आजोबांची पेन्शन आणि आजीचे नाव

फौजी पेन्शन जमा झाली का, हे पाहायला पूर्वी तालुक्याच्या बँकेत खेप पडायची, हे तुम्ही जाणताच. आता संरक्षण लेखा विभागाच्या 'स्पर्श' व्यवस्थेतून पेन्शन थेट खात्यात येते आणि तिचा हिशेब मोबाइलवर दिसतो. महागाई भत्ता वाढला की नातवाला तेवढा आकडा ताडून पाहायला सांगा.

खरी मेख हयातीच्या दाखल्यात आहे. तो वर्षातून एकदा द्यावाच लागतो. नाहीतर आजोबा ओट्यावर धडधाकट बसलेले असतात आणि पेन्शन मात्र थांबते. २०१४ पासून हा दाखला बोटाच्या ठशावर निघतो. पण फौजेनंतर उभी हयात नांगर-खुरप्यात गेलेली बोटे! यंत्राला ठसाच सापडत नाही. अशांसाठी चेहरा दाखवून दाखला देण्याची सोय २०२१ पासून आहे. गावच्या सेवा केंद्रात चौकशी करा.

आणि आजीचे नाव आजच तपासा. आधारवर 'सखुबाई' अन् फौजेच्या कागदात 'सखू' असेल, तर पुढे कुटुंब-पेन्शन अडते. बोलायला जड जाते, पण ही दुरुस्ती आजोबांच्या हयातीतच करावी. जमले नाही तर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय गाठा. फोनवर कुणी ओटीपी मागितला, तर सांगू नका. फोन ठेवून द्या.