लोण्याविना क्रंबल
सफरचंदाच्या पायवरील भुरभुरीत थराला, म्हणजे क्रंबलला, अंडे लागत नाही. अडचण असते ती लोण्याची. लोणी अभक्ष्य मानणाऱ्या घरांत तूप चालते, परंतु माप बदलावे लागते. लोण्यात स्निग्धांश सुमारे ८० टक्के, तुपात जवळजवळ सर्वच. म्हणून १०० ग्रॅम लोण्याऐवजी ८० ग्रॅम तूप, २०० ग्रॅम मैदा आणि १०० ग्रॅम साखर घ्यावी. शंकरपाळ्यांचे मोहन कडकडीत असते; येथे मात्र तूप थिजलेलेच हवे. ते बोटांच्या टोकांनी पिठात चोळावे, मळू नये. तुपात पाणी नसल्याने रवाळ गुठळ्या बांधण्यासाठी चमचाभर दूध शिंपडावे. फळांवर न दाबता, सैलसर पसरून १८० अंशांवर सुमारे ३५ मिनिटे भाजावे. चौविहार असेल तर ओव्हन दुपारीच लावावा. पाय निवायला तासभर तरी लागतोच.