सगळे ‘हो’ म्हणतात तेव्हा...

मीटिंगमध्ये सगळे माना डोलावतायत. तुम्हाला अजिबात पटलेलं नाही, पण उगाच वाईटपणा कशाला घ्या, म्हणून तुम्हीही डोलावता. धुसफूस नंतर, कॅन्टीनच्या चहासोबत. ओळखीचं वाटतंय ना?

मग र. धों. कर्वेंना भेटाच. महर्षी कर्वेंचा हा मुलगा गणिताचा प्राध्यापक. १९२१ मध्ये त्यांनी मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं. या कामापायी विल्सन कॉलेजातली नोकरी गेली. १९२७ मध्ये त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केलं आणि अश्लीलतेचे खटले मागे लागले. १९३४ च्या खटल्यात साक्षात डॉ. आंबेडकर त्यांचे वकील होते, तरी केस हरले. दंड झाला. आणि मासिक? ते निघतच राहिलं, १९५३ मध्ये कर्वे जाईपर्यंत, तब्बल २६ वर्षं!

धाडस म्हणजे दरवेळी राजीनामा तोंडावर फेकणं थोडंच असतं? कर्वे हरल्यावरही पुढच्या अंकाला लागले, बस्स.

तुम्हाला कोणी कोर्टात खेचणार नाहीये. फार तर बॉसच्या कपाळावर आठी पडेल. तेव्हा सोमवारी एवढंच म्हणून बघा, ‘सर, मला जरा वेगळं वाटतंय.’ आणि मंगळवारी नेहमीसारखे कामावर हजर व्हा!