उत्तरपत्रिका आणि न्यायासन

परीक्षेचा निकाल लागला की काही घरांत पेढे वाटले जातात, तर काही घरांत एकच प्रश्न घोळत राहतो : एवढे लिहूनही गुण एवढेच कसे? विद्यापीठाकडे केलेले अर्ज निष्फळ ठरले की असा विद्यार्थी राज्यघटनेच्या २२६ व्या कलमाचा आधार घेऊन उच्च न्यायालयाची पायरी चढतो. तेथे त्याच्या पदरी काय पडू शकते, याचा विचार करू.

प्रथम एक भेद ध्यानात घ्यावयास हवा. गुणपडताळणी म्हणजे सर्व उत्तरे तपासली गेली की नाहीत आणि बेरीज बरोबर आहे की नाही, एवढेच पाहणे. फेरमूल्यांकन म्हणजे उत्तराचा कस नव्याने ठरविणे. महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळाच्या १९७७ च्या नियमांनी पहिली गोष्ट दिली होती, दुसरी नाकारली होती. मुंबई उच्च न्यायालयाने हा निर्बंध रद्द केला. परंतु सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली तो पुन्हा वैध ठरविला. लक्षावधी उत्तरपत्रिका पुनःपुन्हा तपासल्या जाऊ लागल्या, तर कोणताच निकाल अंतिम राहणार नाही. शिवाय शिक्षणाचे नियम शिक्षणतज्ज्ञांनीच करावेत, अशी त्यामागील भूमिका होती.

मग न्यायालयाचे दार बंदच आहे काय? तसे नव्हे. उत्तर प्रदेशातील वैद्यकीय प्रवेशपरीक्षेच्या प्रकरणात १९८३ साली याच न्यायालयाने म्हटले की, परीक्षकांची आदर्श उत्तरे बरोबर आहेत असे गृहीत धरावे. मात्र ती उघड उघड चुकीची असल्याचे सिद्ध झाल्यास, बरोबर उत्तर देणाऱ्या विद्यार्थ्याला त्याची शिक्षा होता कामा नये. २०११ साली तर मोठेच पाऊल पडले. माहितीच्या अधिकाराच्या २००५ च्या कायद्यान्वये विद्यार्थ्याला आपली तपासलेली उत्तरपत्रिका पाहता येते, असा निर्णय झाला. परीक्षकाचे नाव मात्र गुप्त राहते. पुढे २०१७ साली न्यायालयाने सूत्रच सांगितले : नियमात फेरमूल्यांकनाची तरतूद असेल तर ते मिळू शकते, नसेल तर तर्कवितर्काशिवाय स्पष्ट दिसणारी ठळक चूक असल्यासच, आणि तेही क्वचित. न्यायाधीशाने स्वतः उत्तरपत्रिका तपासावयाची नाही. संशयाचा फायदाही परीक्षा घेणाऱ्या संस्थेकडेच जातो.

यातून विद्यार्थ्याने घ्यावयाचा बोध साधा आहे. आपल्या विद्यापीठाचे नियम वाचावेत, मुदतीत अर्ज करावा, उत्तरपत्रिकेची प्रत मिळवावी आणि ती विषयाच्या जाणकारास दाखवावी. हाती निश्चित चूक असेल तरच न्यायालयाकडे जावे; कारण खटल्याच्या तारखा प्रवेशाच्या तारखांची वाट पाहत नाहीत, आणि प्रवेशाच्या तारखा खटल्याची.

परंतु निकालाची अंतिमता हा विद्यापीठांना मिळालेला बहुमान नव्हे, ती त्यांच्यावरील जोखीम आहे. ज्याच्या शब्दावर सहसा अपील नाही, त्याने तो शब्द उच्चारण्यापूर्वी दुप्पट काळजी घेतली पाहिजे.