हसू आणि हसे

विनोदी नाटक पाहून बाहेर पडलेला प्रेक्षक ‘प्रयोग अत्यंत हास्यास्पद झाला’ असे म्हणाला, तर त्याने नाटकमंडळींची स्तुती केली की निंदा? त्याच्या मनात स्तुती असेलही. शब्दाने मात्र निंदाच केली. ‘आस्पद’ म्हणजे स्थान, विषय. आदराचा विषय तो आदरास्पद, आणि उपहासाचा विषय तो हास्यास्पद. इंग्रजीतून घाईने भाषांतर करणारे हे विशेषण खूप हसवणाऱ्या कोणत्याही गोष्टीला लावून मोकळे होतात. विद्यार्थ्याच्या चुरचुरीत निबंधावर शिक्षकाने कौतुकाने हाच शेरा मारला, तर तो मुलगा पुन्हा विनोदाच्या वाटेला जाईल काय?

वास्तविक मराठीने हा भेद अगदी घरगुती शब्दांत सांभाळला आहे. हसू येते आणि हसे होते. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव पावलोपावली हास्यास्पद होतात. म्हणूनच जोशींचे लेखन विनोदी ठरते. त्या लेखनालाच हास्यास्पद म्हणणे म्हणजे चिमणरावांचे माप जोशींच्या पदरात घालणे होय.

मग हास्याच्या पराकोटीला म्हणावे काय? भरताच्या नाट्यशास्त्रात, सहाव्या अध्यायात, हास्याचे 6 प्रकार सांगितले आहेत. स्मित व हसित उत्तम प्रकृतीच्या पात्रांना, विहसित व उपहसित मध्यमांना, आणि अपहसित व अतिहसित अधमांना. म्हणजे पोट धरधरून हसणे हे थोरांचे लक्षण नव्हे! मराठी माणसाने हा दंडक फारसा मानलेला दिसत नाही. तो खो खो हसतो, गडाबडा लोळतो, हसून हसून त्याची पुरेवाट होते, मुरकुंडी वळते. हे सारे शब्दप्रयोग हसवणाऱ्या वस्तूचे वर्णन करीत नाहीत. हसणाऱ्याच्या देहाची काय अवस्था झाली ते सांगतात. जाहिरातींतील ‘तुफान विनोदी’ हा विकणाऱ्याचा शब्द. मुरकुंडी ही प्रेक्षकाची साक्ष.

तेव्हा भाषांतरकाराने विशेषण शोधीत न बसता वाक्याचा कर्ताच बदलावा. ‘गोष्ट हास्यास्पद होती’ याऐवजी ‘गोष्ट वाचून हसता हसता पुरेवाट झाली’ असे लिहावे. एकच गोष्ट मागण्यासाठी तीन अर्ज भरावयास लावणाऱ्या परिपत्रकाविषयी लिहावयाचे असेल, तर मात्र ‘हास्यास्पद’ हा शब्द खुशाल वापरावा.