श्वासाचे सूर (भाग ५) : ताजच्या बॉलरूममधून स्टुडिओत

गेल्या आठवड्यात आपण तारपा पाहिला. आपल्या डहाणू-तलासरीच्या पाड्यांवर घुमणारं हे वाद्य दुधी भोपळ्याचं आणि बांबूचं. त्याचा आवाज नळ्यांत बसवलेल्या जिभल्यांतून निघतो. आजचं वाद्य पितळेचं आहे. ट्रम्पेटला जिभली नसते, वाजवणाऱ्याचे ओठच ते काम करतात. ओठ आवळून फुंकलं की ते थरथरतात आणि सुमारे दीड मीटर लांबीच्या गुंडाळलेल्या नळीत ती थरथर सूर होऊन घुमते. कळा फक्त तीन. कळ दाबली की हवेची वाट लांबते आणि सूर उतरतो. बाकी सगळी मदार ओठांवर आणि दमावर. म्हणूनच जाणकाराला नुसत्या आवाजावरून ट्रम्पेटवाला ओळखता येतो.

धाकट्या डहाणूच्या वरातीत बँडवाल्यांनी 'शोला जो भडके' काढलं की म्हातारेसुद्धा भगवानदादांसारखा खांदा उडवतात. हे गाणं १९५१च्या 'अलबेला'तलं. चित्रपट भगवानदादांचा, म्हणजे भगवान आबाजी पालव यांचा, संगीत सी. रामचंद्र यांचं, म्हणजे पुणतांब्याच्या रामचंद्र नरहर चितळकरांचं. ही दोन नावं मराठी माणसाला पाठ आहेत. तिसरं नाव फारसं कुणी घेत नाही. ते आहे ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट.

मूळ नाव अंतोनियो झेवियर वाझ. जन्म १९१६चा, गोव्यातल्या बारदेशमधल्या हळदोण्याचा. गोव्यात पोर्तुगीज अमदानीत चर्चच्या शाळांतून मुलांना पाश्चात्त्य स्वरलिपी वाचायला शिकवत. मेस्तांच्या, म्हणजे संगीतशिक्षकांच्या, हाताखाली आधी सूर वाचणं, मग वाद्य हातात. पोटापाण्यासाठी हे तरुण मुंबई, कोलकाता, रंगूनपर्यंत जात आणि हॉटेलांत, क्लबांत, मूकपटांच्या पडद्यापुढे वाजवत.

मुंबईत जॅझचं वारं ताजमहाल हॉटेलात शिरलं. १९३५मध्ये लिऑन ॲबी हा कृष्णवर्णीय अमेरिकन व्हायोलिनवादक आपला वाद्यवृंद घेऊन तिथे आला. त्यामागोमाग ट्रम्पेटवादक क्रिकेट स्मिथ आणि पियानोवादक टेडी वेदरफर्ड आले. गोव्याच्या पोरांना कागदावरचं वाचता येत होतं. कागदावर नसलेलं, त्या क्षणी सुचलेलं कसं वाजवायचं, ते त्यांना या पाहुण्यांनी दाखवलं. चिकचं दैवत अमेरिकन ट्रम्पेटवादक लुई आर्मस्ट्राँग. हातात पांढरा रुमाल, घोगरा आवाज, वरच्या सुरांवरची झेप, सगळं त्याने आत्मसात केलं. चाळीसच्या दशकात ताजच्या मंचावर त्याचा स्वतःचा बँड होता आणि लोक त्याला भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत.

मग काळ फिरला. १९४७नंतर गोरे श्रोते निघून गेले. मुंबई इलाख्यात १९४९चा दारूबंदी कायदा आला आणि क्लबांच्या रात्री ओसरल्या. त्याच वेळी हिंदी चित्रपटाला मोठे वाद्यवृंद हवेसे झाले. त्यासाठी समोर ठेवलेला कागद वाचून लगेच वाजवणारे वादक लागत होते, आणि ती विद्या गोवेकरांकडे होती.

स्टुडिओतलं काम कसं चाले, ते बारकाईने पाहण्यासारखं आहे. संगीतकार हार्मोनियमवर चाल ऐकवी. अरेंजर ती टिपून घेई, गाण्याच्या आधीचा आणि कडव्यांमधला वाद्यांचा पीस रचे आणि प्रत्येक वाद्यासाठी वेगळा कागद लिही. ट्रम्पेटच्या कागदात एक खास अडचण असते. प्रचलित ट्रम्पेटचा मूळ सूर आपल्या पेटीच्या काळी पाचचा. कागदावर पांढरी एक लिहिली, तर वाद्यातून काळी पाच निघणार. म्हणून त्याचा कागद सगळा एक स्वर वर चढवून लिहावा लागतो. गायकाची पट्टी काळी एक असेल, तर ट्रम्पेटवाल्यापुढे काळी दोनचं गाणं असतं. एवढं सांभाळून तो आपल्या आठ बारांची, म्हणजे स्वरलिपीतल्या आठ खान्यांची, वाट पाहत बसे. गायक आणि वादक सगळे एकत्र गात-वाजवत. एकाचा सूर निसटला की सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून टेक द्यावा लागे. बॉलरूममध्ये चुकलेला सूर पुढच्या लकेरीत सावरून घेता येतो. स्टुडिओत ती सोय नव्हती.

चिक सी. रामचंद्रांचा सहायक झाला. 'अलबेला'त तो आणि त्याचा बँड चक्क पडद्यावरही दिसतो. 'शोला जो भडके'त बोंगो, ओबो, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट आहेत, तरी चाल ऐकताच आपली वाटते. हे सी. रामचंद्रांच्या मराठी कानाचं आणि गोव्याच्या श्वासाचं मिळून झालेलं काम आहे. त्याच वर्षीच्या 'नादान'ला चिकने स्वतंत्र संगीतही दिलं. १९६७मध्ये मुंबईत त्याचं निधन झालं.

ही वाट त्याच्या एकट्याची नव्हती. कुडचड्याचा ट्रम्पेटवादक फ्रँक फर्नांड असाच जॅझमधून स्टुडिओत आला. त्याने पुढे 'आमचें नशीब' (१९६३) आणि 'निर्मोण' (१९६६) हे कोकणी चित्रपट काढले.

जॅझवाला स्टुडिओत गेला म्हणजे कलेला मुकला, असं काही जण म्हणतात. मला ते पटत नाही. स्वतःला हवं ते रात्रभर वाजवणं ही एक कला, आणि दुसऱ्याच्या गाण्यात नेमके आठ बार असे वाजवणं की त्यांच्याशिवाय ते गाणं उभंच राहू नये, ही तेवढ्याच तोलाची दुसरी कला. चिककडे दोन्ही होत्या. त्याच्यासारख्यांवर अन्याय झाला तो मानाच्या बाबतीत. गाण्याच्या तबकडीवर गायकाचं आणि संगीतकाराचं नाव छापलं जाई. साठ-सत्तर वादक बहुधा निनावीच राहत.

ती चूक आपण आपल्यापुरती सुधारू शकतो. 'अलबेला'ची गाणी पुन्हा लावा आणि या वेळी शब्द सोडून फक्त ट्रम्पेटच्या मागे जा. गावातल्या बँडमध्ये, चर्चच्या वाद्यवृंदात कुणी जुना ट्रम्पेटवाला असेल, तर त्याच्यापाशी बसा. तो कुणाकडे शिकला आणि कुठे वाजवलं, ते त्याच्या नावासकट लिहून ठेवा.

(पुढील आठवड्यात : सॅक्सोफोन आणि मनोहारी सिंग)