लाउड कुटुंबाचे सात महिने

प्रत्यक्षातल्या माणसांचे खासगी जगणे आठवड्यामागून आठवडा मालिकेच्या रूपाने दाखवणारा जो प्रकार आज ‘रिअ‍ॅलिटी शो’ म्हणून घरोघरी परिचित आहे, त्याचा उगम अनेक अभ्यासक ‘अ‍ॅन अमेरिकन फॅमिली’ या बारा भागांच्या मालिकेत पाहतात. पीबीएस या अमेरिकेतील सार्वजनिक, म्हणजे व्यापारी नफ्यासाठी न चालणाऱ्या, वाहिनीवरून ती ११ जानेवारी १९७३ पासून प्रसारित झाली. मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू होऊन तेव्हा जेमतेम तीन महिने झाले होते.

निर्माते क्रेग गिल्बर्ट यांनी निवडलेले लाउड कुटुंब कॅलिफोर्नियातील सांता बार्बराचे, सुखवस्तू होते. बिल यांचा खाणकामाच्या अवजड यंत्रांचे सुटे भाग विकण्याचा व्यवसाय होता, पत्नी पॅट घर सांभाळीत आणि त्यांना पाच मुले होती. मे १९७१ च्या अखेरीपासून वर्षाच्या शेवटच्या रात्रीपर्यंत अ‍ॅलन रेमंड कॅमेरा आणि त्यांच्या पत्नी सूझन ध्वनिमुद्रक घेऊन या कुटुंबात वावरत राहिले. खांद्यावर पेलणारे, फारसा आवाज न करणारे १६ मिलिमीटरचे कॅमेरे आणि त्यांच्याशी तारेने न जोडताही ताळमेळ राखणारे ध्वनिमुद्रक तोवर उपलब्ध झाले होते, आणि ‘डायरेक्ट सिनेमा’, म्हणजे प्रसंग मुद्दाम न घडवता जे समोर घडेल ते टिपण्याची शैली, त्यांच्याच बळावर रुजली होती.

चित्रीकरण सुरू असतानाच हा संसार मोडला. प्रवासाहून परतलेल्या बिल यांच्या हाती पॅट यांनी आपल्या वकिलाचे कार्ड ठेवले आणि त्यांना घर सोडण्यास सांगितले. आवाज न चढवता झालेले हे बोलणे लाखो प्रेक्षकांनी पाहिले. मात्र या प्रसंगाकडे प्रेक्षक कोऱ्या मनाने पाहूच शकत नव्हते. पहिल्या भागाची सुरुवातच वर्षअखेरच्या रात्रीने, म्हणजे चित्रीकरणाच्या शेवटाने केलेली होती आणि पतिपत्नी विभक्त झाल्याचे तिथेच सांगितलेले होते; त्यामुळे पुढच्या भागांतली न्याहारीची वेळ, साधी थट्टा, क्षणभराचे मौन, प्रत्येक गोष्ट घटस्फोटाची खूण म्हणून वाचली गेली. सुमारे ३०० तासांच्या चित्रफितीतून बारा तास वेचणारे आणि त्यांचा क्रम लावणारे संकलन हेच या मालिकेचे खरे कथन होते, आणि कुटुंबाला न्यायासनासमोर उभे करताना टीकाकारांनी नेमके तेच नजरेआड केले. ही मंडळी उथळ आहेत, एकमेकांशी मनातले बोलत नाहीत, असे निवाडे छापून आले. आपली बाजू मांडण्यासाठी या कुटुंबाला पुन्हा दूरचित्रवाणीच्याच मुलाखतींत बसावे लागले.

सर्वांत जहरी टीका थोरला मुलगा लान्स याच्या वाट्याला आली. न्यूयॉर्कच्या चेल्सी हॉटेलात राहणारा हा विशीतला तरुण आपली समलैंगिकता लपवीत नव्हता, आणि अमेरिकी दूरचित्रवाणीवर तोवर हे जवळजवळ अदृश्यच होते. दुसऱ्या भागात पॅट त्याला भेटायला येतात, त्याच्याबरोबर एका प्रायोगिक नाटकाला जातात आणि तिथले जग पाहून गोंधळतात, तरी त्याला दूर लोटत नाहीत. ज्या आईला वृत्तपत्रांनी कोरडी ठरवले, तिच्याविषयी हा भाग बरेच वेगळे सांगतो. मानववंशशास्त्रज्ञ मार्गारेट मीड यांनी मात्र या नव्या प्रकाराची तुलना नाटकाच्या व कादंबरीच्या उदयाशी केली होती.

१९७४ मध्ये बीबीसीने इंग्लंडमधील रेडिंगच्या एका श्रमिक कुटुंबावर ‘द फॅमिली’ ही मालिका केली, तर १९९२ च्या ‘द रिअल वर्ल्ड’ने अनोळखी तरुणांना मुद्दाम एका घरात आणून ठेवले आणि ‘बिग बॉस’च्या वाटेवरचा टप्पा गाठला. लान्स यांचे निधन डिसेंबर २००१ मध्ये, वयाच्या पन्नासाव्या वर्षी झाले. आपल्या अखेरच्या दिवसांचे चित्रीकरण करण्यासाठी त्यांनी स्वतःच रेमंड दांपत्याला बोलावले होते, आणि आईवडिलांनी पुन्हा एकत्र राहावे ही त्यांची इच्छा बिल व पॅट यांनी नंतर पाळली.