दुसऱ्या दिवसाची रेघ

व्यावसायिक गोल्फची स्पर्धा चालते चार दिवस, पण निम्म्याहून अधिक खेळाडूंचा निकाल दुसऱ्या दिवशी संध्याकाळीच लागतो. सव्वाशेच्या आसपास जण खेळायला उतरतात. छत्तीस होल झाले की तक्त्यावर पन्नासाव्या क्रमांकाखाली रेघ ओढतात. त्या क्रमांकाशी बरोबरी असलेले सगळे पुढे जातात, बाकीचे बॅगा आवरतात. ही रेघ म्हणजे 'कट'. एका फटक्याने हुकला काय किंवा दहा फटक्यांनी, हाती पडतं ते शून्यच. रेल्वेचं तिकीट, लॉजचं भाडं आणि कॅडीचे पैसे मात्र दोघांनाही चुकत नाहीत.

प्रोफेशनल गोल्फ टूर ऑफ इंडिया, म्हणजेच पीजीटीआय, २००६ साली सुरू झाली. तिचा हंगाम बहुधा फेब्रुवारीत सुरू होऊन डिसेंबरात संपतो. अहमदाबाद, चंदीगड, हैदराबादेत गोवळकोंड्याच्या कुशीतलं मैदान, बंगळुरू, आसामातली तेलनगरी दिगबोई, कधी ढाका तर कधी कोलंबो. बांगलादेश आणि श्रीलंकेचे खेळाडूही इथे नेमाने खेळतात. आपल्याकडे ही मंडळी येतात ती येरवड्याला, पूना क्लबच्या मैदानावर. पुण्यातल्या किती जणांना त्या आठवड्यात हे ठाऊक असतं, हा प्रश्न मी कुणाला विचारत नाही. उत्तर माहीत आहे.

हंगामाची अखेर जमशेदपूरला. तिथे बेल्डी आणि गोलमुरी ही दोन मैदानं, आणि अनेक वर्षं एकच फेरी त्या दोन्हींवर वाटून खेळवली गेली: नऊ होल इथे, उरलेले नऊ तिथे. मधल्या वेळात खेळाडू गाडीत बसून शहर ओलांडायचे. डाव रंगात आलेला असताना सिग्नलला थांबावं लागणं, हा प्रकार आणखी कुठल्या खेळात असेल असं वाटत नाही.

पैशाचं गणित डोंगराच्या सुळक्यासारखं. एक कोटीच्या स्पर्धेत विजेत्याला पंधरा लाख मिळतात, जमशेदपूरला तीन कोटी असताना पंचेचाळीस लाख मिळाले. तिथून खाली आकडे भराभर उतरतात. बरोबरी झाली की त्या सगळ्या क्रमांकांच्या रकमा एकत्र करून सारख्या वाटतात. त्यामुळे अठराव्या ग्रीनवर दोन फुटांवरून चेंडू होलमध्ये ढकलायचा फटका, म्हणजे पट, हुकला, तर खेळाडू एकटाच खाली येत नाही. चार-पाच जणांच्या घोळक्यात सापडतो आणि वरच्या बक्षिसातला त्याचा वाटा जातो. वर्षभराची कमाई मोजून क्रमवारी लागते. पहिल्या साठांत राहिलात, तर पुढच्या वर्षी टूरवर खेळण्याचं कार्ड शाबूत.

गोल्फ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर साहेब येतो. या टूरच्या घडणीत मात्र साहेबाची बॅग उचलणाऱ्यांचा हात मोठा आहे. १९९१ साली इंडियन ओपन जिंकणारा पहिला भारतीय व्यावसायिक अली शेर हा दिल्ली गोल्फ क्लबचा कॅडी; १९९३ मध्ये त्याने ती पुन्हा जिंकली. एस. एस. पी. चौरसियाचे वडील रॉयल कलकत्ता गोल्फ क्लबवर हिरवळ राखायचे. हा क्लब १८२९ चा, ब्रिटनबाहेरचा सर्वांत जुना. त्या हिरवळीवर वाढलेल्या मुलाने २००८ मध्ये दिल्लीत इंडियन मास्टर्स जिंकली आणि पुढे २०१६ व २०१७ अशी सलग दोन वर्षं इंडियन ओपन. ढाक्याचा सिद्दीकुर रहमान लहानपणी चेंडू वेचायचा. तो रिओ ऑलिंपिकपर्यंत पोचला.

महूचं तर नवलच. मराठी माणसाला हे गाव बाबासाहेबांचं जन्मस्थान म्हणून ठाऊक; गोल्फवाल्यांना मुकेश कुमारसाठी. देशातल्या स्पर्धांमध्ये शंभराहून अधिक विजेतेपदं मिळवलेला हा माणूस आशियाई टूरवर पहिल्यांदा जिंकला तो २०१६ साली, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी. ओमप्रकाश चौहानही महूचाच. २०२३ ची क्रमवारी त्याने जिंकली आणि त्याच बळावर त्याला युरोपच्या डीपी वर्ल्ड टूरचं कार्ड मिळालं. पुढच्या वर्षी ते गुरुग्रामच्या वीर अहलावतने मिळवलं; त्याची हंगामाची कमाई दीड कोटीच्या वर गेली. अकादमीत घडलेली मुलं आता वाढली आहेत. कॅडीच्या झोपडीतून थेट वर येण्याची वाट त्यामुळे अरुंद झाली आहे, असं मला वाटतं.

पुण्याच्या उदयन मानेने याच टूरवर जिंकत टोकिओ ऑलिंपिक गाठलं. २०१९ ची जमशेदपूरची स्पर्धा, २०२० च्या फेब्रुवारीत गोवळकोंडा मास्टर्स, आणि मग कोरोनाने सगळं थांबलं. जागतिक क्रमवारीनुसार त्याचं नाव ऑलिंपिकच्या यादीच्या जरा बाहेर राहिलं होतं. अर्जेंटिनाच्या खेळाडूने माघार घेतली आणि जागा मोकळी झाली. टोकिओत तो छप्पन्नावा आला.

साठांच्या खाली घसरलेले हंगामाच्या तोंडाशी पुन्हा पात्रता फेरीला उभे राहतात, ज्याला सगळे क्यू स्कूल म्हणतात. तिथे कार्डं मोजकीच. नुकताच व्यावसायिक झालेला कोवळा पोरगा तिथे असतो, आणि त्याच्याच गटात, पांढरे केस टोपीखाली लपवलेला, कधीकाळी विजेतेपदाचा करंडक उचललेला गडीही.